प्रार्थनाकीटक : ढोंग कोणाचें?

पावसाळा सरत आला म्हणजे बांधावरच्या गवतांत, तुरीच्या शेंड्यावर, किंवा सायंकाळच्या उपासनेच्या वेळीं दिव्याच्या उजेडाशीं एक हिरवा कीटक येऊन बसतो. बोटाएवढा लांब, मान उंच, डोकें तिकोनी, आणि पुढचे दोन पाय छातीशीं दुमडून धरलेले. वाऱ्यानें गवत हाललें तर तोही हळू डुलतो. नाहीं तर घटकाघटका जागचा हालत नाहीं. पुष्कळ लोक त्याला नाकतोडाच समजतात. परंतु ज्यानें एकदां त्याच्याकडे नीट पाहिलें, त्याच्या मनांत सहज येतें कीं हा हात जोडून प्रार्थना करीत आहे. म्हणूनच त्याला प्रार्थनाकीटक हें नांव मिळालें आहे.

इतक्यांत एखादी माशी जवळ येते. ते जोडलेले हात उघडून मिटतात, माशी त्यांच्या कांट्यांत सांपडते, आणि हा भक्त तिला जिवंतच खाऊं लागतो. पाहणारें एखादें मूल ओरडतें, "अरे, हा तर ढोंगी!" मुलाचें बोलणें ऐकून मोठीं माणसें हंसतात. परंतु, वाचकहो, तो शब्द हंसण्याइतका हलका नाहीं. मंडळ्यांमध्यें तो वारंवार उच्चारला जातो, आणि त्यानें शेजाऱ्याशेजाऱ्यांचीं मनें दुभंगतात. यास्तव या लहानशा प्राण्याच्या निमित्तानें आपण एक प्रश्न शांतपणें विचारूं : ढोंग म्हणजे काय, आणि तें बाहेरून ओळखतां येतें काय?

प्रथम त्याच्या नांवांकडे पाहूं. शास्त्रीय ग्रंथांत त्याला 'मँटिस' म्हणतात. हा शब्द ग्रीक असून त्याचा अर्थ द्रष्टा, भविष्य सांगणारा, असा आहे. प्राचीन ग्रीक लोक जो शब्द शकुन सांगणाऱ्या पुरुषांस लावीत तोच त्यांनीं या कीटकासही लाविला. स्वीडन देशचा सृष्टिशास्त्रज्ञ कार्ल लिनियस यानें १७५८ मध्यें प्राण्यांची नांवनिशी केली, तेव्हां युरोपांतील जातीला त्यानें धर्मशील या अर्थाचें लॅटिन विशेषण जोडलें. आज ती जाति 'मँटिस रिलिजिओसा' या नांवानें ओळखिली जाते. फ्रान्सच्या दक्षिणेकडील प्रोव्हान्स प्रांतांतले शेतकरी त्याला 'देवाची प्रार्थना करणारा' म्हणत. जर्मन नांवाचा अर्थ देवाची आराधना करणारी, पोर्तुगीज नांवाचा अर्थ देवाची स्तुति करणारा, आणि तुर्की नांवाचा अर्थ पैगंबराचा उंट. टॉमस मुफेट या इंग्रज वैद्याचा कीटकांवरील ग्रंथ त्याच्या मरणानंतर १६३४ मध्यें छापला गेला. त्यांत असें लिहिलें आहे कीं, वाट चुकलेल्या लेंकरानें या कीटकाला वाट विचारिली तर तो पाय लांब करून ती दाखवितो, आणि क्वचितच फसवितो.

हें झालें स्तुतीचें. उलट, अमेरिकेच्या दक्षिण भागांत याच प्राण्याला 'सैतानाचा घोडा' व 'खेचर मारणारा' अशीं नांवें पडलीं. त्याची लाळ पोटांत गेली तर खेचर मरतें अशी तेथें समजूत होती. ती खोटी आहे. या कीटकाच्या अंगांत विष नाहीं. चिनी भाषेंत तर त्याच्या एकाच कृतीचे दोन अर्थ झाले आहेत. रस्त्यांत रथ येत असतां हा कीटक मागें न सरतां पुढचे पाय उगारून उभा राहतो. त्यावरून, आपलें बळ न ओळखतां मोठ्याशीं झुंजणाऱ्या मूर्खाला उद्देशून तेथें एक जुनी म्हण आहे. परंतु दुसऱ्या एका जुन्या चिनी गोष्टींत ची राज्याचा अधिपति शिकारीला जात असतां हेंच दृश्य पाहतो, हा मनुष्य असता तर मोठा शूर ठरला असता असें म्हणतो, आणि मान म्हणून आपला रथ बाजूनें वळवितो. एकच कीटक, तेच दोन पाय. कोणी त्यांत भक्ति पाहिली, कोणी सैतान, कोणी मूर्खपणा, कोणी शौर्य. हीं नांवें कीटकाविषयीं थोडें सांगतात. नांवें ठेवणाऱ्यांविषयीं अधिक सांगतात.

आतां प्राणी स्वतः काय आहे तें पाहूं. या कीटकांच्या सुमारें २४०० जाति जगांत माहीत आहेत, व बहुतेक उष्ण प्रदेशांत राहतात. दिसण्यांत तो नाकतोड्यासारखा असला तरी त्याचे जवळचे आप्त झुरळ व वाळवी हे आहेत. ज्यांना आपण जोडलेले हात म्हणतों ते त्याचे शिकारीचे पाय होत. त्यांच्या दोन भागांवर समोरासमोर कांटे असतात, आणि अडकित्त्याच्या पात्यांप्रमाणें ते एकमेकांवर मिटतात. झडप घालण्यास त्याला एका सेकंदाच्या दहाव्या हिश्श्याहूनही कमी वेळ लागतो. पाय छातीशीं दुमडलेले असले म्हणजे ते झडपेसाठीं सज्ज राहतात; त्या बैठकीचें कारण एवढेंच.

त्याचे डोळे मोठे असून एकमेकांपासून दूर आहेत, आणि मान इतकी वळते कीं तो आपल्या खांद्यावरून मागें पाहूं शकतो. भक्ष्य किती दूर आहे हें तो दोन्ही डोळ्यांनीं मिळून ठरवितो. इंग्लंडांतील न्यूकॅसल विद्यापीठाच्या संशोधकांनीं त्याच्या डोळ्यांवर मेणानें इवलेसे दुरंगी चष्मे बसवून ही गोष्ट तपासली, व २०१६ मध्यें ती प्रसिद्ध केली. त्याच्या पुष्कळ जातींस कान एकच असतो, आणि तोही डोक्यावर नसून छातीच्या खालच्या बाजूस, मागच्या पायांच्या मध्यें असतो. मनुष्याला ऐकूं न येणारा वटवाघळाचा सूक्ष्म आवाज त्याला त्या कानानें ऐकूं येतो, आणि रात्रीं उडतांना तो त्यामुळें आपला जीव वांचवितो. मादी फेंसासारख्या द्रवांत अंडीं घालते. तो फेंस फांदीवर किंवा भिंतीवर वाळून कठीण होतो, आणि त्यांतून योग्य वेळीं असंख्य इवलीं पिलें बाहेर पडतात. तीं पहिल्या दिवसापासून पुढचे पाय दुमडून बसतात, आणि भूक लागली तर एकमेकांनाही खातात.

कोणी त्याला शेतकऱ्याचा मित्र म्हणतात. हेंही अर्धेंच खरें आहे. तो पिकावरची अळी खातो, आणि फुलावरची मधमाशीही खातो. आपला मित्र कोण व शत्रु कोण हा भेद त्याला ठाऊक नाहीं.

त्याच्या दुष्कीर्तीचें मोठें कारण मात्र वेगळें आहे. मादी समागमाच्या वेळीं नराला खाऊन टाकते, अशी त्याची ख्याति आहे. अमेरिकेंतील कीटकशास्त्रज्ञ लेलंड हॉवर्ड यानें १८८६ मध्यें असा एक प्रसंग लिहून प्रसिद्ध केला. त्यानंतर फ्रान्सचा झां आंरी फाब्र यानें आपल्या घरीं जाळीच्या पिंजऱ्यांत हे कीटक पाळून पाहिलेलें वर्णन १८९७ मध्यें छापिलें. फाब्र मोठा बारकाईनें पाहणारा होता. त्यानें लिहिलेलें खोटें नव्हतें. गांवकरी या कीटकाच्या अंड्यांचें घरटें थंडीनें सुजलेल्या बोटांवर औषध म्हणून लावीत, तेंही त्यानें आपल्या घरच्या माणसांवर लावून पाहिलें, आणि गुण येत नाहीं असें स्पष्ट सांगितलें. परंतु त्याचें वर्णन वाचून जगानें असें ठरविलें कीं ही मादी प्रत्येक वेळीं, निरपवाद, नराला मारतेच.

पुढें लिस्के व डेव्हिस या दोघांनीं चिनी जातीच्या पोटभर खाऊं घातलेल्या जोड्यांचें चित्रण करून १९८७ मध्यें आपला वृत्तांत प्रसिद्ध केला. त्यांच्या पाहण्यांत एकही नर बळी पडला नाहीं. भुकेलेली मादी नराला खाते हें खरें आहे, आणि रानांतही तसें घडतें. परंतु तो नित्याचा नियम नव्हे. शिवाय २०१६ मध्यें प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनांत असें दिसून आलें कीं, खाल्ल्या गेलेल्या नराच्या शरीराचा अंश मादीच्या अंड्यांत उतरतो, आणि तिला अंडीं अधिक होतात. येवढा खुलासा झाला तरी लोकांच्या तोंडीं जुनीच गोष्ट आहे. निंदा एका दिवसांत गांवभर होते; खुलाशाला उंबरठा ओलांडावयास वर्षें लागतात.

आतां मूळ प्रश्नाकडे येऊं. हा कीटक ढोंगी आहे काय? आपल्याकडे पूर्वीपासून बकध्यान हा शब्द आहे. एका पायावर, डोळे मिटल्यासारखा उभा असलेला बगळा मासा येतांच चोंच मारतो, त्यावरून तो निघाला. 'वरून कीर्तन, आंतून तमाशा' अशी म्हणही आहे. त्या न्यायानें प्रार्थनाकीटकालाही दोषी ठरविणें सोपें आहे. परंतु न्याय करावयाचा तर आरोप नीट मांडला पाहिजे.

नव्या करारांत ज्या शब्दाचें भाषांतर आपण ढोंगी असें करितों, तो मूळ ग्रीक शब्द नाटकांत सोंग घेणाऱ्या नटाला लावीत असत. नटाला प्रेक्षक लागतो. प्रेक्षकांनीं आपल्याकडे पाहावें म्हणून तो रंगभूमीवर उभा राहतो. तेव्हां ढोंगाला तीन गोष्टी लागतात : चांगलें काय हें ठाऊक असणें; तें आपल्यांत नाहीं हेंही ठाऊक असणें; आणि तरीही तें आपल्यांत आहे असें दुसऱ्यानें मानावें अशी इच्छा असणें. या तिहींपैकीं या कीटकाजवळ एकही नाहीं. त्याला प्रार्थना म्हणजे काय हें ठाऊक नाहीं, आणि तिचा अभावही ठाऊक नाहीं. शिवाय, ढोंग्याची सारी धडपड दिसण्यासाठीं असते, तर याची सारी धडपड न दिसण्यासाठीं असते. तो हिरव्या पानांत हिरवा होतो, वाळल्या काडींत काडीसारखा होतो. माशीनें त्याला भक्त समजावें असें त्याला वाटत नाहीं; माशीनें त्याला पाहूंच नये, एवढेंच त्याच्या शरीराच्या रचनेनें साधलें आहे.

यावर कोणी म्हणेल, मलाया देशांत याच वर्गांतील एक जाति हुबेहूब फुलासारखी गुलाबी व पांढरी असते, आणि फूल समजून आलेल्या माश्यांना धरते. तिची धडपड तर दिसण्यासाठींच असते. ही तरी फसवणूक आहे कीं नाहीं? फसवणूक आहे, ढोंग नाहीं. तिनें तें रूप निवडिलें नाहीं. तें घेऊनच ती वाढली. ज्याला दुसरें कांहीं होतां येत नाहीं, त्याला होता तसा राहिल्याबद्दल दोष देतां येत नाहीं. मांजर उंदीर खातें तें पाप नव्हे, आणि गाय खात नाहीं तें पुण्य नव्हे.

म्हणजे या कीटकावर आपण दोनदां अन्याय केला. प्रथम त्याच्या पायांना हात म्हटलें, त्यांना प्रार्थना चिकटविली, आणि त्याला साधु ठरविलें. मग तो साधूसारखा वागत नाहीं असें पाहून त्याला ढोंगी ठरविलें. पहिलें नांवही आपलें आणि दुसरेंही आपलेंच. तो बिचारा दोन्ही वेळां केवळ भुकेला होता.

माणसांच्या बाबतींतही आपण असेंच करितों. १८ व्या शतकाच्या आरंभापासून दक्षिण आफ्रिकेच्या टोंकाकडे गेलेल्या युरोपियन प्रवाशांनीं लिहून ठेविलें कीं तेथील मूळचे लोक या कीटकाची देव म्हणून पूजा करितात. आणि त्या लोकांची हेटाळणी करणारें एक नांवच या कीटकाला तिकडे पडलें. पुढें १८७० च्या दशकांत विल्हेल्म ब्लीक व ल्यूसी लॉइड यांनीं केपटाउनजवळ तेथील सान लोकांना आपल्या घरीं ठेवून, त्यांची भाषा शिकून, त्यांच्या कथा त्यांच्याच तोंडून लिहून घेतल्या. त्या कथांत काग्गेन नांवाचा एक पुरुष आहे, आणि त्याच्या नांवाचा अर्थ हाच कीटक. तो चतुर आहे, खोडकर आहे; त्याची वारंवार फजिती होते; एलंड नांवाचें थोर हरिण त्यानेंच घडविलें व त्यावर त्याची माया आहे. एवढें सगळें 'हे किड्याला पुजतात' या तीन शब्दांत कसें मावणार? पहिल्यांनीं दुरून पाहिलें. दुसऱ्यांनीं जवळ बसून ऐकिलें. दुसऱ्याच्या उपासनेविषयीं बोलणाऱ्यानें हा फरक विसरूं नये.

आतां आपल्याच मंडळीकडे वळूं. समजा, एक मनुष्य उपासनेंत सर्वांत लांब प्रार्थना करितो, आणि तोच सोमवारीं विधवेकडून दामदुप्पट व्याज घेतो. लोक कुजबुजतात, "पाहा, ढोंगी." त्यांनीं काय करावें? गप्प बसावें काय? नाहीं. व्याज हें उघड कृत्य आहे; तें मोजतां येतें, आणि त्याविषयीं त्याच्या तोंडावर बोलतां येतें. ज्याला विधवेची कींव आहे त्यानें पैशाचा हिशेब मांडावा, व हें व्याज अन्यायाचें आहे असें त्याला सांगावें. परंतु त्याची प्रार्थना खोटी आहे असें म्हणण्याचा अधिकार कोणाला? कदाचित् ती खोटी असेल. कदाचित् आठवड्यांतून तेवढ्याच एका घटकेला त्याला आपल्या व्याजाची लाज वाटत असेल. कृत्याला नांव ठेविलें तर सुधारण्याची वाट उघडी राहते. प्रार्थनेला नांव ठेविलें तर उघडें असलेलें शेवटचें दारही आपण लोटून घेतों. आणि नीट पाहिलें तर पुष्कळ वेळां असें आढळेल कीं, आपण त्याच्या प्रार्थनेवर बोलतों तें त्याच्या व्याजावर बोलण्याचें धैर्य नाहीं म्हणून.

दुसरा एक मनुष्य घ्या. कुष्ठरोगानें त्याच्या हातांचीं बोटें आंखडलीं आहेत. काहीं तर उरलींच नाहींत. सर्व मंडळी हात जोडते, तेव्हां त्याचे हात मांडीवर तसेच पडलेले असतात. जर जोडलेले हात हीच प्रार्थनेची खूण असेल, तर या मनुष्याची प्रार्थना कोठें गेली? कीटकाचे हात सदैव जोडलेले आहेत आणि त्यांत प्रार्थना नाहीं. या बंधूचे हात कधींच जुळत नाहींत, आणि त्याच्या अंतःकरणांत काय चाललें आहे हें देवच जाणतो. हात कोणाच्याही बाजूची साक्ष देत नाहींत.

मग हात जोडूंच नयेत काय? पुष्कळ प्रामाणिक माणसें अशाच भीतीनें थंड पडतात. तीं म्हणतात, "माझें मन लागत नाहीं, मग उगाच हात जोडून ढोंगी कशाला व्हावें?" त्यांना येवढेंच सांगावेंसें वाटतें कीं अपुरें आणि खोटें हीं एक नव्हेत. आई तान्ह्या मुलाचे हात आपल्या हातांत घेऊन जोडते. त्या मुलाला शब्दांचा अर्थ कळत नाहीं. म्हणून तें मूल ढोंगी झालें काय? त्याचे हात त्याच्या मनाच्या पुढें गेले आहेत, इतकेंच. मन मागून येईल. बैलाला शेत कळण्याआधीं जूं कळतें. ज्याला आपलें मन रिकामें आहे हें कळतें व तें भरावें असें वाटतें, तो रिकाम्या मनानें गुडघे टेकतो तरी खोटें बोलत नाहीं. ढोंग तेव्हांच सुरू होतें, जेव्हां रिकामें मन भरावें ही इच्छा सुटते, आणि तें भरलेलें दिसावें ही इच्छा धरते. ही अदलाबदल बाहेरच्या कोणाला दिसत नाहीं. ती ज्याच्या मनांत होते त्यालाच, आणि तोही पाहील तरच, दिसते.

म्हणून ढोंगी हा शब्द ज्याच्याविषयीं खात्रीनें उच्चारतां येईल असा मनुष्य प्रत्येकाच्या ओळखीचा एकच आहे, आणि तो तो स्वतः. परूशी व जकातदार यांचा दाखला आपणां सर्वांस पाठ आहे. ते दोघेही एकाच मंदिरांत, एकाच वेळीं प्रार्थनेस उभे होते. त्यांतल्या एकाचें लक्ष प्रार्थना करितांनाही दुसऱ्याकडे होतें. त्याची चूक तेथेंच झाली. आज तो दाखला वाचून, "मी त्या परूश्यासारखा नाहीं, हें किती बरें," असें आपल्या मनांत आलें, तर आपण कोणाच्या जागीं उभे आहों हें निराळें सांगावयास नको.

उद्यां सकाळीं बांधावर हा हिरवा कीटक दिसला तर त्याला मारूं नका, आणि नमस्कारही करूं नका. मुलांना तो दाखवा. त्याची वळणारी मान, कांटेरी पाय, फांदीवरचें अंड्यांचें घरटें दाखवा. त्याच्या सामर्थ्याचें कौतुक करा. मूल त्याला ढोंगी म्हणालें तर सांगा कीं, बाळा, त्याला ढोंग येत नाहीं, तें फक्त माणसाला येतें. कारण खरी प्रार्थनाही माणसालाच करितां येते. ज्याला एक करितां येतें त्यालाच दुसरें करितां येतें. आणि मग आपण आपल्या हातांकडे पाहावें. ते किती वेळ जोडले होते हें विचारूं नये. ते सुटल्यावर कोणाच्या दारीं गेले, तेथें काय देऊन आले, आणि काय घेऊन आले, एवढें विचारावें.